नवव्या प्रश्नाचं उत्तर

१२ मार्च १९८९, रविवार

लग्नानंतरचा पहिला मार्च आठवला आज. चटईवर समोरासमोर बसून आम्ही दोघं पेपर तपासत होतो. ह्यांच्याकडे सातवीचं गणित, माझ्याकडे पाचवीचं. मध्ये भाजलेल्या शेंगांची परात. टरफलं उडून पेपरांत जायची. एखाद्या पोरानं काही गमतीचं लिहिलं की हे मोठ्यानं वाचून दाखवायचे आणि मी हसता हसता शेंगा सांडायची. एवढंच. दुसरं काही घडलं नव्हतं त्या दुपारी. पण इतक्या वर्षांनंतरही ती परात डोळ्यांसमोर आहे.

आज पुन्हा त्याच माणसासमोर पेपर घेऊन बसले — आणि शिसारी आली!

हे पान उलटताना बोट जिभेला लावतात. पूर्वीही लावत असणार. तेव्हा मला दिसत नव्हतं का? एखाद्या मुलीनं समास आखून, कोपऱ्यात छोटंसं फूल काढून पेपर दिलेला — आणि त्या फुलावर ह्यांच्या थुंकीचा ओला ठसा. मग बशीत चहा ओतून फुर्रर्र. मग कानात कपाटाची किल्ली. ती किल्ली तशीच पेपरावर ठेवायची.

मी म्हटलं, "अहो, वाटीत ओला स्पंज देऊ का बोटासाठी?"

"मी काय पोस्टात आहे?"

पेपर दयारामशेठच्या शिक्षण निधीचे. दरवर्षी तालुक्यातल्या सातवीच्या मुलांची परीक्षा असते. जो पहिला येईल त्या एकाला आठवीपासून मॅट्रिकपर्यंत पनवेलच्या वसतिगृहात जागा, शाळेची फी, पुस्तकं. ज्या गावांत शाळा सातवीलाच संपते तिथल्या पोरांना हे केवढं! पेपर काढायचे ह्यांनी, उत्तरतक्ता लिहायचा ह्यांनी, शेवटचा हात फिरवायचा तोही ह्यांनीच. तपासणारे सगळे मास्तर ह्यांचेच जुने विद्यार्थी. त्यांतल्या एकाला कांजिण्या आल्या म्हणून त्याचा गठ्ठा माझ्याकडे आला.

१४ मार्च

प्रश्न नववा. बेरीज करा: −३/८ + (−२/८). गुण दोन.

उत्तरतक्त्यात ह्यांच्या वळणदार अक्षरात: ५/८.

मला वाटलं, सायक्लोस्टाइल करताना वजाची रेघ पुसट झाली असेल. स्टेन्सिल उजेडात धरून पाहिला. रेघ नव्हतीच.

ह्यांना विचारलं. मान वर न करता म्हणाले, "वजा वजा अधिक."

अहो, गुणाकारात! वजाला वजानं गुणलं तर अधिक. ही बेरीज आहे! तीन अष्टमांश खाली गेलो, आणखी दोन अष्टमांश खाली गेलो, मग एकूण पाच अष्टमांश खालीच असणार ना? उत्तर वजा पाच अष्टमांश. छेद तोच राहतो, अंशांची बेरीज होते आणि चिन्हही तेच.

आम्हांला हे कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर बेनेडिक्टांनी शिकवलं तेव्हा हातात वही नव्हती. लांबच लांब व्हरांड्यात खडूनं एक रेघ, चॅपलच्या दाराशी शून्य, आणि आम्ही चौदा मुली बूट काढून उभ्या. सिस्टर टाळी वाजवायच्या. मागे तीन पावलं. पुन्हा टाळी. मागे दोन पावलं. "नाऊ, आर यू इन द चॅपल?" आम्ही ओरडायचो, "नो सिस्टर!" थंडगार फरशी अजून तळव्यांना आठवते.

आणि ह्यांनी जन्मभर काय केलं? वर्गात शिरायचं, टेबलावर छडी आपटायची आणि विचारायचं, "वजा वजा?" पन्नास पोरं एका सुरात — "अधिक!" कुठं लावायचं, कुठं नाही, कुणी सांगितलंच नाही. पोरांचा घोष ऐकून ऐकून शेवटी ह्यांनाही तेच खरं वाटायला लागलं.

माझ्या गठ्ठ्यात बहुतेकांनी ५/८ लिहिलंय. काहींनी तर ५/१६! खालचे आठ आणि आठही मिळवून टाकले. भाकरीचे आठ तुकडे केले, त्यांतले तीन आणि दोन ताटात वाढले, तर तुकडे लहान होतात का? पण त्या बिचाऱ्यांवर काय रागवायचं.

एका पेपरात मात्र −५/८. स्वच्छ, ठळक रेघ. मी तिथे बरोबरची खूण केली. मोठी केली.

१५ मार्च

सकाळी दात घासून, चूळ भरताना घशातून ते आवाज काढून झाल्यावर हे स्वयंपाकघराच्या दारात आले.

"तू म्हणतेस ते बरोबर आहे."

तव्यावरची पोळी उलटायची राहिली. क्षणभर किती बरं वाटलं! वाटलं, आहे, हाच तो माणूस आहे.

"पण तक्ता सगळीकडे गेलाय," म्हणाले. "बाकीचे गठ्ठे तपासून झालेत. आता राहू दे."

"राहू दे काय? पुन्हा तपासा. एकच तर प्रश्न."

"आणि त्या मास्तरांना काय सांगू? मी चुकलो? ज्यांना मी शिकवलं त्यांना?"

"हो. तेच सांगा."

"एका प्रश्नानं कुणाचं काय जातंय, आशा!"

आणि रुमालानं तोंड पुसून बशीत चहा ओतला. फुर्रर्र.

चूक झाली त्याचं मला काही नाही. चुका सगळ्यांच्या होतात. पण ती ठाऊक असूनही ती गोंजारत बसायचं — त्याची किळस येते.

१८ मार्च

आज वारा तळोज्याच्या कारखान्यांकडचा. सडक्या अंड्यांसारखा वास घरभर. निदान हा बाहेरून तरी आलाय.

२६ मार्च, रविवार

निकाल लागला. दयारामशेठच्या धान्याच्या गोदामात खुर्च्या मांडून समारंभ. पहिला मिथुन नावाचा मुलगा, तळोज्याच्या कारखान्यातल्या एका कामगाराचा. बापाचा शर्ट घालून आला होता, बाह्या चार वेळा दुमडलेल्या. हार घातल्यावर तो दिसेनासाच झाला. त्याचा काय दोष? जे शिकवलं तेच त्यानं लिहिलं.

दुसरी आली ती दोन गुणांनी मागे. तिला एक कंपासपेटी.

घरी येऊन मी तिचा पेपर काढला. माझ्याच गठ्ठ्यातला. नववा प्रश्न. माझी मोठी बरोबरची खूण लाल पेन्सिलीनं खोडलेली आणि बाजूला टपोरा भोपळा. ह्यांचा भोपळा मी ओळखते, खालून सुरू होऊन वर मिटतो.

म्हणजे पंधरा तारखेला माझ्यासमोर कबूल केलं आणि त्यानंतर हा भोपळा काढला!

नाव वाचलं. किशोरी. खाली गाव. आपल्या मासळीवाल्या सोनाबाईचं गाव.

२८ मार्च

सोनाबाई आली. आठवड्यातून दोनदा मासळीची पाटी घेऊन येते, इतकी वर्षं. आज पायरीवर पाटी उतरवायच्या आधीच बोलायला लागली.

"बाय, माजी किशोरी दुसरी आली! आख्ख्या तालुक्यात! कंपासपेटी गावली, त्यात आरसा हाय बग!"

मी म्हटलं, "छान. आता आठवीला कुठं घालणार?"

"आठवी नाय गो. पयली आली असती तं गोष्ट येगली. रोज एस्टीनं धाडू काय वयात आल्याली पोर? येताना कालोख व्हतो, खाडीवरशी वाट. आता माज्याबरोबर बाजारात. सुकी मासली निवडाया दोन हात व्हतील." मग पापलेट उलटं करून त्याचे कल्ले दाखवत म्हणाली, "पन पोर येडी झालीय. बोलते, नववा माजा बरोबर व्हता. मी बोल्ली, आगो सरांनी खोडला म्हंजी चुकलाच असंल. रडली नाय ती. पन जेवली पन नाय."

मी पापलेट घेतलं.  हे मागच्या अंगणात नखं कापत बसले होते, कात्रीचा कट् कट् आवाज पायरीपर्यंत येत होता. संध्याकाळी ह्यांनीच ते पापलेट मिटक्या मारत खाल्लं. काटे ताटाच्या कडेला ओळीत मांडून ठेवले.

मी माझं ताट उचलून मोरीवर नेलं.

२ एप्रिल, रविवार

हे लिहू नये असं वाटतंय. पण लिहिणार.

आज निधीची बैठक होती, गोदामाच्या माडीवर. मी ह्यांना न सांगता गेले. दयारामशेठ गादीवर, हे त्यांच्या शेजारी, समोर बाकांवर सगळे मास्तर. मी उभी राहिले आणि नववा प्रश्न वाचला. म्हटलं, तक्त्यातलं उत्तर चुकलंय, ते दुरुस्त करा. मिथुनची जागा काढू नका, पण त्या मुलीलाही जागा द्या. तिचे दोन गुण तिचे आहेत.

 मग एक मास्तर दबक्या आवाजात म्हणाला, "बाई, वजा वजा अधिक ना?" आणि बाकीचे हसले. वर्गात हसतात तसे.

मी म्हटलं, "शेठ, मास्तरांना राहू द्या, तुम्ही सांगा. जमिनीवरून तळघरात तीन पायऱ्या उतरलात. मग आणखी दोन उतरलात. गच्चीवर पोचाल का?"

"वहिनी, आमच्या गोदामाला तळघरच नाही!"

पुन्हा हशा. मी विठूकडे पाहिलं. विठू आता विठ्ठल सर झालाय, पण लहानपणी आमच्या ओसरीवर शिकलाय, माझ्या हातचं थालीपीठ खाल्लंय. त्याला कळलं होतं! मी त्याचे डोळे पाहिले, त्याला नक्की कळलं होतं. त्यानं मान खाली घालून चपलेचा अंगठा नीट केला.

आणि मग हे बोलले. किती हळुवार आवाज काढला! "शेठ, मनावर घेऊ नका. हिचं हल्ली जरा असं होतंय. वय झालं. परवा दुधात साखरेऐवजी मीठ घातलं."

सगळ्यांच्या चेहऱ्यावर ती दया. शेठ म्हणाले, "वहिनी, तुम्ही आता आराम करा. शिवा, बाईंना सरबत आण रे."

मीठ घातलं होतं. एकदा. तेव्हा आम्ही दोघं हसलो होतो.

रिक्षात हे म्हणाले, "मग काय बोलणार होतो मी चारचौघांत? तूच वेळ आणलीस." स्टँडजवळ रिक्षा थांबवून जिलबी घेतली. माझ्यासाठी! कागदातून पाक गळून माझ्या पातळावर पडला. मी रस्त्याकडे बघत राहिले.

३ एप्रिल

जिलबी मुंग्यांनी खाल्ली.

२ मे

बोलत नाही आम्ही. म्हणजे "पाणी", "पेपर आला", "गॅस संपलाय" — एवढं.

आज आमटीत मीठ कमी झालं होतं. हे निमूट जेवले. पूर्वी आळणी लागलं की सरळ मिठासाठी हात पुढे करायचे. आता करत नाहीत. वाटतं, मी खरंच ठार वेडी झाले असते तर ह्यांची फार सोय झाली असती.

कधीकधी तरीही, हे दुपारी आडवे झाले की तोंड जरासं उघडं राहतं आणि कपाळावरची शीर दिसते, तेव्हा जुनं काहीतरी हलतं आतून. मग घोरणं सुरू होतं.

२३ मे

सोनाबाईबरोबर आज किशोरी आली होती. डोक्यावर लहान पाटी, सुक्या बोंबलांची. बाजारात बसायला सुरुवात झालीसुद्धा. केसांत अबोली, हाताला खवल्यांची चकाकी. आईची नजर चुकवून आमच्या दारावरच्या पाटीवरचं नाव वाचत होती. ह्यांचं नाव.

मी तिला आत बोलावलं, पाणी दिलं. म्हटलं, "नववा प्रश्न तुझा बरोबर होता. वजा पाच अष्टमांशच."

तिनं पेला खाली ठेवला. "म्हाईत हाय."

"कुणी शिकवलं?"

"कोनी नाय. आमच्या सरांनी बी वजा वजा अधिक सांगितलं. पन मी मनात बोल्ली, खाडीचा पानी तीन बोटं उतरला, मंग अजून दोन बोटं उतरला. तं तो चढंल कसा?"

मी हसले. कितीतरी दिवसांनी.

"बाय, मंग सरांनी खोडला कशाला?"

 आतल्या खोलीत हे होते. रेडिओ चालू होता, तो त्यांनी मोठा केला.

"तुमी सांगा ना त्यांना."

"सांगितलं."

"मंग?"

बस्स, एवढंच. डोळे मोठे करून, माझ्यावर पूर्ण विश्वास ठेवून. मंग? सोनाबाईनं बाहेरून हाक मारली, "काय गो, राजवाड्यात बसलीस काय? ऊन चढला!" आणि ती पळाली.

रात्र झाली, तरी तोच शब्द.

५ जून

हद्द झाली.

सुट्टीत हे ओसरीवर नव्या सातवीच्या पोरांचा फुकट क्लास घेतात. दरवर्षी घेतात, गावात त्याचं कौतुक आहे. मी भाजी निवडत होते. छडी आपटल्याचा आवाज आला.

"वजा वजा?"

"अधिक!"

मी उठून पडद्याआडून पाहिलं. फळ्यावर बेरीज. समच्छेद, दोन्ही ऋण. −१/५ + (−३/५). आणि उत्तर? ४/५. पोरं उतरवून घेत होती. एक लहानखुरी मुलगी जीभ दातांत धरून किती सुंदर अक्षर काढत होती!

ह्यांना ठाऊक आहे. ह्यांनी माझ्यासमोर कबूल केलंय. आणि तरीही, कारण आता उलटं शिकवलं तर मार्चमधलं कबूल केल्यासारखं होईल म्हणून, ह्या पोरांच्या डोक्यात मुद्दाम खोटं भरतायत. हसून. एकाच्या पाठीवर थाप मारून. शाबास म्हणत!

 ओसरीवरून खडूची पूड आत येते, ती कपड्यांवर, भांड्यांवर बसते. सकाळपासून पुसतेय.

८ जून

एसटीडी बूथवरून कुमुदला फोन केला. बहीण असावी तर अशी. माझं ऐकून घेऊन म्हणाली, "ये पुण्याला. कायमची ये. वरची खोली रिकामीच आहे. आणि नवऱ्याला बसू दे बोट चाटत!"

"लोक काय म्हणतील गं? साठीला आलेली बाई एका गणितासाठी घर सोडून गेली!"

"एका गणितासाठी नाही, ताई. तुला वेडी ठरवलं म्हणून."

बूथवाला घड्याळाकडे बघत होता. मी रडले का ते आठवत नाही. बहुतेक रडले.

बॅग भरली. चार पातळं, चष्मा, सिस्टरांनी दिलेलं प्रार्थनेचं पुस्तक. हे दारात येऊन उभे राहिले. बॅगेकडे पाहिलं. वाटलं, आता बोलतील. एक शब्द जरी बोलले असते!

"माझा निळा टॉवेल घेतलास का? तो माझा आहे," म्हणाले.

११ जून, रविवार

गेले नाही. बॅग रिकामी केली. घर बाबांनी माझ्या नावावर करून दिलंय. मी का जाऊ?

काल खाडीवर सोनाबाईकडे जाऊन म्हटलं, किशोरीला माझ्याकडे राहू दे, इथून आठवीला जाईल. आधी हसली, मग पदर तोंडाला लावला, मग म्हणाली, "म्हाताऱ्याला चालंल काय?" म्हटलं, विचारलं नाही. इथल्या मुलींच्या शाळेत तिचं नाव घातलं. इथला पालक म्हणून सही माझी. उद्या शाळा उघडते. घाईत काही राहून जायला नको, म्हणून:

ओसरीलगतची खोली, खिडकीजवळची कॉट, कपाटाचे खालचे दोन कप्पे — किशोरीला. ह्यांचे कोट माळ्यावर.

ओसरी आणि फळा — मला. क्लासच्या पोरांना उद्यापासून शाळा सुटल्यावर मी घेणार. सुरुवात बेरजेपासून.

मागच्या दाराची दुसरी चावी — सोनाबाईला. केव्हाही यावं.

भरजरी पातळ — कुमुदला, पोस्टानं. येत नाही म्हणून रागावेल.

ह्यांना — सकाळचा चहा, वर्तमानपत्र, दोन वेळचं जेवण. नेहमीसारखं.

जेवायला किशोरी ह्यांच्या समोर बसेल. रोज.